लिली बेर्की आणि हंगेरीच्या मूकपटांतील नायिका

चित्रपटकलेच्या जागतिक इतिहासात हंगेरीने जो वाटा उचलला त्याचा हिशेब मांडताना लेखकमंडळी बहुधा पुरुषांच्या नामावळीपाशी येऊन थांबतात. मिहाय केर्तेस हा पुढे मायकेल कर्टिझ या नावाने ‘कासाब्लांका’चा दिग्दर्शक झाला, शांदोर कोर्दा हा अलेक्झांडर कोर्दा होऊन लंडनच्या चित्रव्यवसायाचा आधारस्तंभ बनला, बेला बालाझ याने परागंदा अवस्थेत व्हिएन्नात राहून १९२४ साली चित्रपटमीमांसेतील पहिल्या पंक्तीचा ग्रंथ प्रसिद्ध केला, हे सर्व वारंवार सांगितले जाते आणि ते यथार्थही आहे. परंतु ज्या स्त्रियांच्या मुखमुद्रेवर आणि अंगविक्षेपांवर या दिग्दर्शकांनी आपल्या कलेची धुळाक्षरे गिरवली, त्यांच्या कारकीर्दींचा विचार मात्र त्रुटित, आख्यायिकांनी भरलेला आणि एकांगी राहिला आहे. जी नटी देश सोडून बर्लिनला अथवा हॉलिवुडला गेली तिची चरित्रे लिहिली गेली. जी मायदेशी राहिली तिची वासलात चार ओळींत लागली. आणि या व्यवहारात सरहद्द ओलांडणे म्हणजेच कारकीर्द, असा एक दंडक नकळत रूढ होऊन बसला. हा दंडक मला मान्य नाही. लिली बेर्की या नटीची कारकीर्द मध्यभागी ठेवून आणि तिच्या समकालीन नायिकांच्या कारकीर्दी तिच्याभोवती मांडून या साऱ्या प्रश्नाकडे पाहिले, तर कोणाला काय लाभले व कोणाचे काय हरवले याचा निवाडा बराच निराळा होतो, असे दाखविण्याचा येथे प्रयत्न आहे.

या निवाड्याच्या मार्गातील पहिली अडचण पुराव्याची आहे. १९१२ पासून मूकपटांचा काळ संपेपर्यंत हंगेरीत सुमारे ६०० कथापट निघाले, आणि त्यांपैकी आज जेमतेम दहावा हिस्सा पाहावयास मिळतो. त्या काळची फिल्म नायट्रेटची, म्हणजे जात्याच ज्वालाग्राही आणि कालांतराने कुजून जाणारी. त्यात दोन महायुद्धे, दोन राज्यक्रांत्या आणि राजधानीचा वेढा यांची भर पडली. त्यामुळे ज्या नटीने तीस-चाळीस चित्रांत काम केले तिची साक्ष देण्यास एखादेच चित्र शिल्लक असते, आणि बाकीच्यांविषयी जाहिराती, छायाचित्रे व वृत्तपत्रांतील स्तुतिस्तोत्रे यांवर विसंबून राहावे लागते. स्तुतिस्तोत्रांना अभिनयाचा दाखला मानण्याची चूक या विषयावरील लेखनात फार झाली आहे. जे चित्र उपलब्ध नाही त्यातील अभिनयाविषयी मौन पाळणे, हाच येथे प्रामाणिकपणाचा मार्ग होय.

हंगेरीतील चित्रपट हा नाट्यगृहाच्या छपरावर जन्माला आला, ही गोष्ट केवळ आलंकारिक अर्थाने नव्हे तर शब्दशः खरी आहे. बुडापेस्टच्या उरानिया या वैज्ञानिक रंगमंदिरात ज्युला पेकार याचे नृत्यविषयावर व्याख्यान व्हावयाचे होते, त्यास दृश्य पुरवणी म्हणून बेला झित्कोव्स्की याने इमारतीच्या गच्चीवर छोटी छोटी चोवीस नृत्यचित्रे टिपली, आणि १९०१ च्या एप्रिलअखेरीस ती लोकांपुढे आली. त्यांत नर्तकांबरोबर लुयझा ब्लाहा, एमिलिया मार्कुश आणि शारी फेदाक यांसारख्या रंगभूमीवरील नामवंत स्त्रियांनी भाग घेतला. ही चित्रे आज उपलब्ध नाहीत. परंतु त्यांतील नावेच पुढील वीस वर्षांची दिशा सांगून जातात. हंगेरीत चित्रपटाने आपली नटी स्वतः घडविली नाही. ती त्याने नाट्यगृहाकडून उसनी आणली. १९१२ साली ‘मा एश होलनाप’ हे पहिले मोठे नाट्यचित्र लोकांपुढे आले तेव्हाही पात्रे रंगभूमीवरचीच होती. ब्लाहा ही तर साऱ्या राष्ट्राची लाडकी गायिका. तिला तिच्या उतारवयात, १९१६ साली, कोर्दाने ‘अ नाज्यमामा’ या चित्रात पडद्यावर आणले. वीगसीनहाज या नाट्यगृहाची इरेन वार्शान्यी, जिने मोल्नारच्या ‘लिलिओम’मधील युलीची भूमिका प्रथम रंगविली, ती १९१८ साली मार्टोन गाराशच्या चित्रात ‘आना कारेनिना’ झाली. या स्त्रियांची खरी मालमत्ता त्यांचा स्वर होता, आणि पडद्याने त्यांच्याकडून नेमका स्वरच काढून घेतला. प्रेक्षकांना तो अभाव जाणवला नाही, याचे कारण उघड आहे: त्यांनी तो स्वर नाट्यगृहात ऐकलेला होता आणि मूकपट पाहताना ते तो स्मरणातून पुरवीत असत. ‘सीनहाझी एलेत’सारखी रंगभूमीला वाहिलेली सचित्र साप्ताहिके या स्मरणाला खतपाणी घालीत होती. परदेशातील प्रेक्षकाजवळ हे स्मरण नव्हते, आणि म्हणूनच हंगेरीतल्या कीर्तीचा हवाला परक्या मुलखात वटत नसे.

लिली बेर्की हिचा जन्म २० मे १८८६ रोजी ज्योर येथे झाला. ती ऑपेरेट्टाची, म्हणजे गाऊन, नाचून आणि हसवून प्रेक्षकांना जिंकणारी नटी होती, आणि तिच्या आयुष्याला निर्णायक वळण मिळाले ते राजधानीत नव्हे, तर ट्रान्सिल्वेनियातील कोलोझ्वार नगरीत. तेथील राष्ट्रीय नाट्यगृहाचा संचालक येनो यानोविच हा विद्वान, कल्पक आणि धाडसी गृहस्थ होता. नाट्यगृहाचा मोसम संपला की नटसंच उन्हाळ्यात रिकामा राहतो, निसर्ग मात्र त्याच ऋतूत प्रकाशाने भरलेला असतो, ही साधी गोष्ट त्याने हेरली आणि पॅरिसच्या पाथे कंपनीशी भागीदारी करून १९१३ साली ‘शारगा चिको’, म्हणजे पिवळे शिंगरू, हे लोकनाट्यावर आधारलेले चित्र काढले. बेर्कीचा पडद्यावरील प्रवेश याच चित्रातून झाला, आणि तिच्याबरोबर मिहाय वार्कोन्यी हा तरुण नटही पुढे आला. चित्रणाच्या वेळी एर्झी इमरे नावाची नटी सामोश नदीत बुडून मरण पावली. ही घटना इतिहासग्रंथांत बहुधा एखाद्या चटकदार किश्श्यासारखी येते, याचे मला वैषम्य वाटते; कारण आरंभीच्या काळातील नटीला कोणत्या परिस्थितीत काम करावे लागे, नदी असो, अश्व असो की दरड असो, सर्व काही खरेच असे आणि तिच्या जिवाची हमी कोणत्याही करारनाम्यात नसे, याचा तो दस्तऐवज आहे.

यानंतर यानोविचने बुडापेस्टहून मिहाय केर्तेस याला बोलावून घेतले, आणि १९१४ साली ‘अ तोलोंत्स’ हे चित्र तयार झाले. या चित्राचे दैव विलक्षण. ते कायमचे नष्ट झाले असेच सर्वजण धरून चालले होते. परंतु २००८ साली न्यूयॉर्क येथील हंगेरियन समाजाच्या वास्तूच्या तळघरात त्याची प्रत सापडली आणि तिचे रीतसर पुनरुज्जीवन करण्यात आले. बेर्कीच्या तरुणपणातील अभिनयाविषयी आज जे काही ठामपणे बोलता येते ते मुख्यतः या एका योगायोगामुळे. कोणाचे नाव इतिहासात राहावे आणि कोणाचे पुसले जावे, हे गुणांवर नव्हे तर तळघराच्या कोरडेपणावर अवलंबून असावे, ही या साऱ्या क्षेत्राची दुःखद वस्तुस्थिती आहे.

कथानक एदे तोत याच्या एकोणिसाव्या शतकातील लोकनाट्यावरून घेतलेले आहे. खेड्यात वाढलेल्या बेत्तीला तिचा पालक मृत्युशय्येवर असताना कळते, की आपण याची कन्या नव्हे, आणि आपली जन्मदात्री पतिहत्येच्या आरोपाखाली तुरुंगात आहे. ती शहरात येऊन एका सधन घरी मोलकरीण म्हणून राहते, घरातील मुलगा तिच्यावर प्रेम करू लागतो, मग तिच्यावर चोरीचा आळ येतो आणि पोलिसांच्या हुकमाने तिची शहरातून हद्दपारी होऊन तिला गावी पोहोचविले जाते. दुसरीकडे माता शिक्षा भोगून सुटते, आणि माय-लेकी एकमेकींस न ओळखता एकमेकींच्या जवळ येत जातात. बेर्की येथे बेत्ती आहे, वार्कोन्यी घरचा तरुण आहे, आणि मातेच्या भूमिकेत आहे मारी यासाइ, हंगेरीच्या रंगभूमीवरील शोकनाट्याची सम्राज्ञी, त्या वेळी साठी उलटलेली.

या चित्राचे मर्म माझ्या मते या दोन स्त्रियांच्या अभिनयपद्धतींच्या सान्निध्यात आहे. यासाइचा अभिनय प्रेक्षागृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचावा अशा मापाने घडलेला: बाहू उंचावतात, मस्तक मागे झुकते, सारे शरीर आक्रोश करते. त्यात भव्यता आहे, आणि ज्या शतकाने ती भव्यता घडवली त्याचे दर्शन घडविणारा हा अमूल्य ठेवा आहे. पण यंत्र समोर चार हातांवर उभे आहे हे त्या अभिनयाला ठाऊक नाही. बेर्कीला ते ठाऊक आहे. पालकाच्या मृत्यूचा प्रसंग असो की पोलिसांनी घराबाहेर काढण्याचा, ती हालचाल कमी करते, दृष्टी खाली वळविते, आणि भावनेला चेहऱ्यावर येण्यास अवसर देते. ऑपेरेट्टातील नटीकडून अशी संयत रीत अपेक्षित नव्हती, परंतु विचार केल्यावर कारण ध्यानात येते. जिने वर्षानुवर्षे हलक्याफुलक्या भूमिकांत क्षणाक्षणाला ठेका सांभाळला तिला विरामाचे मोल शोकनटीपेक्षा अधिक कळते. केर्तेसने तिला घराच्या चार भिंतींतून बाहेर काढून ट्रान्सिल्वेनियाच्या मोकळ्या उजेडात, शेतांत आणि वाटांवर उभे केले, आणि तेथे तिचे साधेपण अधिकच खुलले. या एका चित्राच्या आधारे तिला मूकपटांतील थोर नटी ठरविणे अतिशयोक्तीचे होईल. परंतु पडदा ही निराळी जागा आहे आणि तिचे कायदे निराळे आहेत हे हंगेरीत ज्यांनी सर्वांत आधी ओळखले त्यांत तिची गणना केलीच पाहिजे.

महायुद्ध सुरू झाल्यावर शत्रुराष्ट्रांची चित्रे येणे थांबले आणि त्या पोकळीत देशी धंद्याची एकाएकी भरभराट झाली. १९१६ साली कोर्दाने कोलोझ्वार येथे बेर्कीला घेऊन ‘फेहेर एयसाकाक’ काढले. पुढील वर्षी त्याने तेथील कोर्विन ही चित्रसंस्थाच विकत घेऊन तिचा कारभार बुडापेस्टला हलविला. आणि १९१८ साली देशात वर्षाकाठी शंभराच्या आसपास चित्रे निघू लागली. त्या वर्षीचे, योकाइच्या कादंबरीवरील ‘अझ अरांयएंबर’ आजही पाहता येते. ओस्कार बेरेगी, मार्गित माकाइ आणि इत्सा लेंकेफी ही त्यातील प्रमुख मंडळी. याच सुमारास बेर्कीने ज्युला गोझोन या विनोदी नटाशी विवाह केला आणि तिचे जीवन बुडापेस्टच्या रंगभूमीशी कायमचे निगडित झाले.

आणि मग सर्व कोसळले. १९१९ च्या मार्चमध्ये सत्तेवर आलेल्या सोव्हिएत पद्धतीच्या सरकारने चित्रपटाचा सारा व्यवसाय सरकारजमा केला, आणि तोही रशियाच्या आधी; एकशे तेहतीस दिवसांनी ते सरकार पडले आणि पाठोपाठ आलेल्या होर्थीच्या अंमलात त्या राजवटीशी संबंध आलेल्यांची धरपकड सुरू झाली. कोर्दाला अटक झाली, आणि सुटका होताच तो पत्नीसह व्हिएन्नाला निघून गेला. केर्तेसने त्याआधीच देश सोडला होता. नटांच्या संघटनेत पुढाकार घेणारा बेला लुगोशी परागंदा झाला. १९२० च्या त्रियानोंच्या तहाने हंगेरीचा दोनतृतीयांश मुलूख गेला, त्यात कोलोझ्वारही रुमानियाकडे गेले, आणि ज्या नगरीत हंगेरियन चित्रपटाने बाळसे धरले ती परदेश ठरली. चित्रगृहे गेली, प्रेक्षक गेला, भांडवल गेले. नटींच्या स्थलांतराचा विचार करताना हा संदर्भ विसरून त्यांच्या महत्त्वाकांक्षेची वर्णने करणे अन्यायाचे आहे; बहुतेकींच्या पायांखालची जमीनच निघून गेली होती.

व्हिएन्ना हा पहिला मुक्काम. तेथे कोर्दाची पत्नी मारिया कोर्दा, मूळची ट्रान्सिल्वेनियातील देवा गावची मारिया आंतोनिया फार्काश, आणि केर्तेसची पत्नी लूसी डोरेन, मूळची इलोंका कोवाच, या दोघी आपापल्या पतींच्या प्रचंड आकाराच्या ऐतिहासिक व पौराणिक चित्रांच्या नायिका झाल्या. डोरेनचे १९२२ मधील ‘सोडोम उंड गोमोरा’ आणि मारिया कोर्दाचे त्याच वर्षीचे ‘सॅमसन उंड डेलिला’ ही त्या पद्धतीची ठळक उदाहरणे. हजारोंचा जमाव, कोसळणारे मनोरे, आणि त्यांच्या मध्यभागी अलंकारांनी मढविलेली एक स्त्री. अशा चित्रांत अभिनयाला जागा थोडी आणि उभे राहण्याला फार. मारिया कोर्दाच्या अंगी मात्र उभे राहण्यापलीकडचे काही होते. केर्तेसच्या ‘डी स्क्लावेनक्योनिगिन’ (१९२४) मधील इस्रायली कन्या आणि १९२६ च्या इटालियन ‘पॉम्पेईचे अखेरचे दिवस’ मधील अंध फुलवाली नीडिया या भूमिकांत तिच्या मुद्रेतील दर्प वितळून जातो. नीडियाच्या चित्रात तिच्यासमोर नायक म्हणून होता कोलोझ्वारचाच वार्कोन्यी. पुढे पतीबरोबर ती अमेरिकेत गेली, १९२७ मध्ये ‘हेलन ऑफ ट्रॉय’च्या खाजगी जीवनावरील विनोदी चित्रात हेलन झाली, १९३० मध्ये त्यांचा घटस्फोट झाला आणि तेथेच तिची चित्रकारकीर्दही संपली. डोरेनचीही गत निराळी नव्हती. १९२३ मध्ये केर्तेसशी काडीमोड झाल्यावर ती आधी जर्मनीत व मग हॉलिवुडात गेली, पण पूर्वीचे स्थान तिला मिळाले नाही. या दोघींच्या उदाहरणांवरून एक गोष्ट दिसते. दिग्दर्शक पतीच्या आधाराने उभी राहिलेली कारकीर्द त्या आधाराची मुदत संपताच डळमळते, आणि त्या मुदतीवर नटीचा काहीच अधिकार चालत नाही.

बर्लिनकडे गेलेल्यांत लेंकेफीचा उल्लेख करणे अगत्याचे, कारण १९२२ च्या जर्मन ‘ऑथेल्लो’मध्ये एमिल यानिंग्जच्या ऑथेल्लोसमोर डेस्डिमोना म्हणून तीच होती, आणि त्याच चित्रात इयागोची पत्नी एमिलिया झाली होती दुसरी एक हंगेरियन, लिया दे पुत्ती. पुढील काळाने या दोघींची प्रतिष्ठा उलटीपालटी केली: डेस्डिमोना विस्मृतीत गेली आणि एमिलिया जगप्रसिद्ध झाली.

लिया दे पुत्ती ही आज स्लोव्हाकियात असलेल्या वेचे येथील, सरदारघराण्याशी संबंध असलेल्या कुटुंबातील. लहान वयात विवाह, दोन मुली, आणि मग घर सोडून रंगभूमीकडे धाव. हिंदुस्थानविषयक युरोपीय कल्पनाविलासाचा नमुना असलेल्या योए मायच्या ‘दास इंडिशे ग्राबमाल’ (१९२१) या चित्रात ती राणीच्या दासीच्या भूमिकेत आहे. तेथील महाराजा आणि योगी यांचा वास्तव हिंदुस्थानाशी काडीचा संबंध नाही, तरी तिच्या डोळ्यांतील भीती खोटी वाटत नाही. मुर्नाऊने तिला १९२२ साली ‘फांटोम’ व ‘डेर ब्रेनेंडे आकर’ या दोन चित्रांत घेतले. परंतु तिचे नाव राहिले आहे ते १९२५ च्या, ए. आ. द्युपोंच्या ‘वारिएते’ या चित्रामुळे. यानिंग्ज हा झोक्यावरचा कसरतपटू. पत्नी व मूल यांना टाकून तो बेर्टा-मारी या परक्या मुलीच्या मागे जातो. ती पुढे तिसऱ्याच्या नादी लागते. आणि शेवट खुनात होतो. ही कथा कितीदा तरी सांगितली गेली असेल, पण दे पुत्तीने बेर्टा-मारीला कुटिल मोहिनी होऊ दिले नाही. तिची मुलगी आळशी आहे, भुकेली आहे, कोणी कौतुक केले की लहान मुलासारखी हरखते, आणि आपण काय करीत आहोत हे तिला पुरते समजतही नाही. त्यामुळे आपत्ती तिने घडविल्यासारखी न वाटता तिच्यावर कोसळल्यासारखी वाटते. कार्ल फ्रॉइंडचा कॅमेरा तिच्या चेहऱ्याच्या इतका निकट जातो, की बालाझने समीपदृश्याविषयी जे प्रतिपादन केले त्याचा हा जणू प्रयोगसिद्ध पुरावाच. अमेरिकेत हे चित्र दाखविताना परिनिरीक्षकांच्या धाकाने आरंभीचा मोठा भाग कापून टाकला गेला, जेणेकरून बेर्टा-मारी ही नायकाची विवाहित पत्नीच वाटावी. ज्या मुलीच्या अज्ञानावर सारी भूमिका उभी होती तिला या कात्रीने सरळ व्यभिचारिणी करून टाकले. नटीच्या अभिनयाचा अर्थ तिच्या पाठीमागे असा बदलता येतो, याहून त्या काळच्या कारकीर्दींची असहायता स्पष्ट करणारे उदाहरण मला ठाऊक नाही.

या कापलेल्या प्रतिमेवरच अमेरिकेने दे पुत्तीला बोलावले, आणि त्याच प्रतिमेत तिला कोंडले. ग्रिफिथच्या ‘सॉरोज ऑफ सेटन’ (१९२६) मध्ये ती मोह घालणारी राजकन्या झाली, आणि त्यानंतरच्या चित्रांत तीच भूमिका झिजत गेली. १९२९ मध्ये इंग्लंडात आर्थर रोबिसनच्या ‘द इन्फॉर्मर’ मध्ये तिने पुन्हा एकदा आपली योग्यता दाखविली. पण चित्र बोलके करताना तिच्या तोंडी दुसऱ्या स्त्रीचा स्वर घालण्यात आला. २७ नोव्हेंबर १९३१ रोजी, घशात अडकलेले हाड काढल्यानंतरच्या विकाराने, वयाच्या अवघ्या ३४ व्या वर्षी न्यूयॉर्कमध्ये तिचा अंत झाला.

विल्मा बांकीची कीर्ती या सर्वांहून मोठी. ती १९०१ साली तोल्ना जिल्ह्यातील नाज्दोरोग येथे जन्मली. बुडापेस्ट, व्हिएन्ना व बर्लिन येथील साधारण चित्रांत कामे करीत असता १९२५ साली सॅम्युएल गोल्डविन बुडापेस्टला आला, आणि त्याने तिला करारबद्ध करून अमेरिकेस नेले. तेव्हा तिला इंग्रजी येत नव्हते. मूकपटात त्याची गरजही नव्हती. रोनाल्ड कोलमनबरोबर ‘द डार्क एंजल’, रुडॉल्फ व्हॅलेंटिनोबरोबर ‘द ईगल’ (१९२५) व ‘द सन ऑफ द शेख’ (१९२६), गॅरी कूपर ज्यातून पुढे आला ते ‘द विनिंग ऑफ बार्बरा वर्थ’ (१९२६), अशी अवघ्या चार वर्षांत तिने जी मजल मारली ती कोणत्याही हंगेरियन नटीस साधली नव्हती. १९२७ मध्ये रॉड ला रॉकशी झालेला तिचा विवाह गोल्डविनने एखाद्या चित्राच्या प्रथम प्रयोगासारखा थाटात साजरा केला. तिच्या अभिनयाविषयी मात्र समीक्षकांनी बहुधा सौंदर्याची वर्णने लिहूनच वेळ मारून नेली. ‘द ईगल’ पाहताना मला तिचा विनोद विशेष वाटतो. व्हॅलेंटिनोचे वेषांतर ओळखूनही न ओळखल्याचे सोंग ती इतक्या सहजतेने करते, की कोलोझ्वारच्या ऑपेरेट्टावाल्यांनी तिला आपल्यातलीच मानले असते. गोल्डविनने तिच्यातील ही बाजू जोपासली नाही, हे तिच्या कारकीर्दीचे खरे नुकसान.

तिच्या उच्चारांमुळे बोलपटाने तिचा बळी घेतला, असे सरसकट लिहिले जाते. हे विधान तपासून घेण्याजोगे आहे. १९३० च्या ‘अ लेडी टू लव्ह’ मध्ये, स्वीडनहून आलेल्या सीस्ट्रॉमच्या दिग्दर्शनाखाली आणि एडवर्ड जी. रॉबिन्सनसमोर, तिने इंग्रजी व जर्मन अशा दोन्ही आवृत्त्यांत काम केले आणि ते समाधानकारक केले. स्वर अयोग्य नव्हता. परंतु मूकपटात ती स्पॅनिश, रशियन, अरबी, इंग्रज अशी कोणत्याही देशाची स्त्री होऊ शकत होती; बोलू लागताच ती एका विशिष्ट प्रदेशातून आलेली परदेशी स्त्री झाली, आणि अशा स्त्रीसाठी लिहिलेल्या भूमिका फार थोड्या होत्या. दार बंद झाले नाही, ते अरुंद झाले. आणि अरुंद दारातून वाकून जाण्यापेक्षा तिने परत फिरणे पसंत केले. १९३२ च्या ‘डेर रेबेल’ नंतर ती पडद्यावर आली नाही, आणि त्यानंतरचे जवळजवळ साठ वर्षांचे आयुष्य तिने कॅलिफोर्नियात काढले. १९९१ च्या मार्चमध्ये ती वारली तेव्हा ती बातमी वृत्तपत्रांपर्यंत पोहोचायला बराच काळ लागला.

बोलपटाने सर्वच हंगेरियन नटींना मागे सारले असेही नाही. ज्यांना गाणे येत होते, किंवा ज्यांनी जर्मन भाषा आत्मसात केली, त्यांना त्याने नवे क्षेत्र दिले: सबाद्का गावची केटे फोन नाज्य, गायिका मार्ता एगर्थ, आणि सर्वांहून अधिक लक्ष वेधणारी फ्रांसिस्का गाल. गाल ही बुडापेस्टच्या कॅबरे रंगमंचावरची लाडकी. १९३२ मधील ‘पाप्रिका’पासून तिच्या खट्याळ भूमिकांनी मध्य युरोप जिंकला, पण ती यहुदी, आणि १९३३ नंतर जर्मनीत तिला थारा नव्हता, म्हणून तिची चित्रे व्हिएन्ना व बुडापेस्ट येथे तयार होऊ लागली. सेसिल डमिलने तिला ‘द बक्कानीर’ (१९३८) साठी अमेरिकेस नेले. १९४० मध्ये आजारी मातेस भेटण्यास ती मायदेशी परतली आणि युद्धात तेथेच अडकून, लपून राहून जिवंत राहिली. युद्धानंतर अमेरिकेत गेली तेव्हा तिची जागा भरून गेलेली होती.

या सर्वांच्या तुलनेत बेर्कीची वाट आखूड दिसते, कारण ती देश सोडून गेली नाही. पण काळाच्या मापाने पाहिले तर हिशेब फिरतो. बांकीची नायिका म्हणून कारकीर्द जेमतेम एका तपाची, दे पुत्तीची आणि मारिया कोर्दाची जवळपास तितकीच. बेर्की १९१३ मध्ये ‘शारगा चिको’त होती, आणि वीस वर्षांनी, हंगेरीत बोलपट निघू लागल्यावर, ‘राकोची-इंदुलो’ (१९३३) व ‘अझ उय रोकोन’ (१९३४) यांसारख्या चित्रांत, आता आईच्या, मावशीच्या, घरधनिणीच्या भूमिकांत, पुन्हा उपस्थित होती. परदेशस्थ नायिकांना ज्याने अडविले तो स्वरच तिचा आधार झाला. मूकपटाच्या काळात जो प्रेक्षकांनी स्मरणातून पुरविला होता तो आता यंत्रातून ऐकू येऊ लागला. शिवाय तिने वय लपविले नाही. नायिकेने प्रौढ होणे हा गुन्हा समजणाऱ्या व्यवसायात चाळिशी ओलांडलेल्या नटीने दुय्यम भूमिकांना कमी न लेखता त्यांत जीव ओतावा, यास मी तारकापदाहून अधिक मोलाचे मानतो. या भूमिका लहान असत, पण त्यांतील स्त्रिया ओळखीच्या असत: कष्टाळू, बोलभांड, प्रसंगी खंबीर.

तिला स्वस्थता लाभली असे मात्र नाही. गोझोन जन्माने यहुदी होता, आणि हंगेरीतील यहुदीविरोधी कायद्यांनी त्याला १९४१ पासून युद्ध संपेपर्यंत रंगभूमीवरून दूर ठेवले. बेर्की स्वतः यहुदी नव्हती. त्या काळात अनेक नामवंतांनी अशा विवाहांतून सोयिस्करपणे अंग काढून घेतले असता ती पतीच्या पाठीशी उभी राहिली, आणि त्याची झळ तिने सोसली. राकोशलिगेत या उपनगरातील त्यांच्या घरी ती दोघे त्या दिवसांतून निभावली आणि युद्धानंतर दोघेही रंगभूमीवर परतली. ५ एप्रिल १९५८ रोजी बुडापेस्ट येथे ती निवर्तली तेव्हा तिच्या देशवासियांना ती ठाऊक होती ती एक वयस्कर, प्रेमळ, रंगभूमीवर मुरलेली नटी म्हणून. केर्तेसच्या चित्रातील बेत्ती तोवर कोणाच्या पाहण्यात उरली नव्हती. ती प्रत त्यानंतर अर्धशतकाने हाती आली, आणि हंगेरीच्या मूकपटांवरील पुढील प्रत्येक लेखकास तिच्यापासून प्रारंभ करावा लागेल.